हार्लनच्या जागी पडणारा

दुबई, देरा बाजू
१२ ऑगस्ट १९६२

जमालला दादाचा सलाम.

आधी एक तक्रार नोंदवतो, कारण ती नोंदवायला या बंदरात दुसरी जागा नाही. इथली पाकिटं आपोआप बंद होतात. गनीशेठच्या पेढीतून मी चांगली विलायती पाकिटं मागून आणली. ऑगस्टची हवा इतकी ओली की रात्रीत डिंक सुटला आणि सकाळी बघतो तर सगळी तोंडं मिटून बसलेली. आत काहीच नाही. एक वाफेवर धरून उघडलं, तर ते भलत्याच बाजूने उघडलं. इंग्रज एजंटसाहेबाकडे अर्ज करणार होतो, की महाराज, बोलण्याआधी तोंड बंद करण्याची जी सोय आपल्या राज्यात माणसांसाठी आहे, ती निदान पाकिटांना लावू नये. पण अर्जालाही पाकीट लागतं. शेवटी हे खळ लावून चिकटवतो आहे. पत्राला उशीर झाला तो असा. तेरा वर्षांचा उशीर पाकिटांवर ढकलता येत नाही, एवढं मलाही कळतं.

पत्ता तुझ्या शेवटच्या कार्डावरचा आहे, एकोणपन्नास सालचा. कॅलिफोर्निया, फिल्म कंपनीचा घोड्यांचा तबेला. जहाज सोडलं, असं तू लिहिलं होतंस. पुढे तुझेच शब्द: हार्लन प्रुइट नावाचा नट आहे, त्याची-माझी अंगकाठी सारखी, म्हणून सिनेमात जिथे त्याने पडायचं तिथे मी पडतो. पडायचे चांगले पैसे मिळतात. अम्माला 'पडतो' असं सांगू नका.

अम्माला आम्ही 'साहेबाच्या जागी काम करतो' असं सांगितलं. तिने ऐकणाऱ्या प्रत्येकाला तू साहेब झालास असं सांगितलं. त्या कार्डात जुलेखाबद्दल एक अक्षर नव्हतं. तुमच्या लग्नाला दोन वर्षंसुद्धा झाली नव्हती. कार्ड लहान होतं, असं आम्ही सगळे म्हणत आलो.

मी इथे चार वर्षांपासून आहे. दिवसा गनीशेठच्या तांदळाच्या पेढीवर बिलं लिहितो आणि संध्याकाळी त्यांच्याच उघड्या सिनेमात माइकवर बोलतो. सिनेमा म्हणजे चारी बाजूंनी भिंत, वर आभाळ, आणि पुढच्या भिंतीला मारलेला चुना. समोर बलुची, पठाण, इराणी, मलबारी आणि आपले कोकणी खलाशी. अमेरिकन सिनेमा इंग्रजीत बोलतो आणि इंग्रजी कोणालाच येत नाही. मला येतं असा गनीशेठचा समज आहे, कारण मी सातवी पास आहे. त्यामुळे पडदा बोलायला लागला की मी त्याच्यावर हिंदीत बोलतो. कळलं ते सांगतो, न कळलं ते जुळवतो. जुळवलेलं लोकांना जास्त आवडतं.

गनीशेठची अट एकच. "खैरू, हीरो मरना नहीं मंगता. मेला की लोक खुर्च्या मोडतात." तेव्हा मेलेल्यांना मी बरं करतो. एकदा पडद्यावर हीरोची कबर खणत होते आणि मी सांगत होतो, की गावात पाण्याची टंचाई आहे म्हणून विहीर खणणं चाललं आहे. लोकांना पटलं. पाण्याच्या टंचाईवर इथे कोणीही विश्वास ठेवतो.

मागच्या महिन्यात बहारीनहून आलेल्या डब्यांत एक सिनेमा निघाला. नावं सुरू झाली आणि त्यात आलं, हार्लन प्रुइट. मी ते माइकवर दोनदा वाचलं, कोणालाही गरज नसताना. हा प्रुइट दुष्ट जमीनदार होता. बारीक मिशी, चांगला कोट, बोलताना एक डोळा अर्धा मिटायची खोड. शेवटी तो कड्यावर उभा असतो, गोळी लागते, खाली पडतो. पडताना तोंड दिसत नाही. टोपी दिसते, पाठ दिसते. मग दगडांवर उताणा पडलेला माणूस, पुष्कळ लांबून. आणि त्याचा उजवा हात वर येतो. चार बोटं मिटलेली आणि शहादतीचं बोट ताठ, नमाजात कलमा म्हणताना उचलतो तसं.

पहिली ओरड बलुच्यांनी केली. "कलमा पढा इसने." मग पठाण उभे राहिले. "मुसलमान है." दोन मिनिटांत त्या भिंतीच्या आत हार्लन प्रुइटचा हारून झाला. मला माइकवर काही बोलायची गरजच पडली नाही. मी बोट बघत होतो. ते वरच्या पेराशी अंगठ्याकडे कललेलं होतं. बाबांच्या मचव्याच्या कप्पीत सापडलेलं बोट. तू तेव्हा सात वर्षांचा होतास, आणि हळद बांधताना मी तुझा हात धरला होता.

आठवडाभर तोच सिनेमा होता. आठवडाभर तू पडलास.

आणखी एक कळवायचं आहे, विशेष काही नाही. शेवटच्या खेळाला रीळ तुटलं. अन्वर, आमचा ऑपरेटर, ते जोडत बसला. लोक शिट्ट्या मारायला लागले, माइक माझ्या हातात. काहीतरी बोलायला हवं म्हणून मी बोललो, "यह जो गिरा, यह हारून नहीं. यह मेरा छोटा भाई है, बाणकोटवाला जमाल." आपल्या खलाश्यांच्या बाकावर टाळ्या पडल्या. त्या माइकवर मी पहिल्यांदाच खरं बोललो. तेही जुळवलेलंच आहे असं लोकांना वाटलं असावं.

तुझा,
खैरुद्दीन


दुबई
९ मार्च १९६३

जमाल,

जुळवलेलं वाटलं नाही.

मचवे गावी गेले आणि बातमी घेऊन गेले. आता तेच मचवे कौलं भरून परत आले आहेत आणि उलट बातमी घेऊन आले आहेत. अम्माने मौलूद घातला. सगळ्या आळीला शिरा वाटला. "आमचा जमाल अमेरिकेत सिनेमात आहे," असं ती विहिरीवर, मशिदीच्या दारात, बाजारात सांगत फिरते. मला तिने तीन गोष्टी विचारल्या आहेत. जाड झालाय का. केस आहेत का. आणि पडतो का म्हणतात सगळे, त्याला चक्कर येते का.

मागच्या पत्रात एक गोष्ट मी लिहिली नव्हती. विशेष काही नाही, असं लिहिलं होतं. गेल्या वर्षी जुलेखाला मागणी आली होती. वली तांडेल तुला आठवत असेल, आपल्या मोहल्ल्याच्या खालच्या अंगाचा. बायको गेली, मूलबाळ नाही, माणूस नेक. अम्मानेच होकार दिला होता. तिला मुलगा हवा होता, पण सुनेचे हाल बघवत नव्हते. काझीसाहेब म्हणाले, आपल्या शाफई मजहबात बेपत्ता नवऱ्याच्या बायकोने थांबायचं असतं, पण इतकी वर्षं खबर नाही, तेव्हा शाबान महिन्यात जमात बसवून निर्णय देऊ. माणूस बेपत्ता, बाई मोकळी.

शाबानात जमात बसली. त्याच आठवड्यात मचवे लागले. खलाशी सांगायला लागले, बेपत्ता कसला, दुबईत रोज संध्याकाळी दिसतोय. तिकीट काढलं की दिसतो. काझीसाहेबांनी मान हलवली. दिसणाऱ्या माणसाला बेपत्ता म्हणता येत नाही.

वली स्वतः या खेपेला इथे आला होता. खाडीच्या धक्क्यावर चहाला बसलो. बराच वेळ तो मचव्याबद्दल बोलला, मग म्हणाला, "खैरुद्दीनभाय, एक विचारतो. तो खरंच जमाल आहे?"

"बोट त्याचंच आहे."

"चेहरा?"

"चेहरा त्या नटाचा."

"नाव?"

"तेही नटाचं."

वलीने चहा संपवला. "चेहरा दुसऱ्याचा, नाव दुसऱ्याचं. बायको तेवढी त्याची."

यावर माइक असता तर मी काहीतरी जुळवलं असतं.

तेव्हा जमाल, कामाचं बोलतो. यायचं असेल तर ये. यायचं नसेल तर तिला सोडल्याचं लिही, दोन साक्षीदार घे, तिथेही कोणी मुसलमान असेलच. ओळ एक असली तरी चालेल. कार्ड लहान असलं तरी चालेल.

खैरुद्दीन


दुबई
२२ नोव्हेंबर १९६४

जमाल,

अम्मा गेली. भादव्यात, पाऊस उघडल्यावर. आजारी अशी नव्हती. शेवटच्या आठवड्यात विचारत होती, त्या सिनेमाचं तिकीट केवढं असतं. मी इथे होतो, जुलेखाने सगळं केलं. सुनेने करायचं ते आणि मुलांनी करायचं तेही.

आता त्या घरात ती एकटी आहे. तिचं पत्र आलं, स्वतःच्या हाताचं. शिकली आहे ती, तुला माहीत असायला वेळ मिळाला नसेल. लिहिते, "दादा, पडद्यावरच्या माणसाला भूक लागत नाही, ताप येत नाही, दाराची कडी निघाली तर त्याला काही होत नाही. तुम्ही त्याला बघता, मला इथे त्याची बायको म्हणून राहावं लागतं. काझीसाहेब विचारतात, सिनेमा कधीचा? तेवढं सांगा."

सवाल साधा आहे. पडला तो कधी पडला? पण आमच्याकडे सिनेमे कसे येतात ते तुला काय सांगू. बंबईत जुने झालेले कराचीला जातात, कराचीत झिजले की बहारीनला, आणि तिथले फाटके आमच्याकडे. क्रम नसतो. हारूनचं सगळं आयुष्य आमच्यासमोर उलटसुलट आलं. आधी तो पन्नाशीचा होता, पुढच्या महिन्यात डोकंभर केस घेऊन आला. बलुच्यांना त्यात काही गैर वाटलं नाही. म्हणाले, हज करून आला, तब्येत सुधारली.

मी मात्र बसून हिशेब लावला. केस, पोट, मिशी बघत गेलो. मग एक खूण सापडली. आधीच्या सिनेमात प्रुइट हीरोचा दोस्त आहे, मरतच नाही. मग थोडे दिवस स्वतः हीरो. मग खलनायक झाला, तेव्हा शेवटच्या रिळात मरायला लागला, समोरासमोर, दोन पानं बोलून. पुढे कपाळ मोठं झालं तसा मधल्या रिळात मरायला लागला. बोलणं गेलं, नुसती किंकाळी राहिली. अमेरिकेत माणसाची किंमत उतरली की त्याला लवकर मारतात, असं दिसतं. आपल्याकडे उलट आहे, किंमत उतरलेल्याला मरूच देत नाहीत.

या हिशेबाने बोट दिसतं असा सगळ्यात अलीकडचा सिनेमा चोपन्न सालच्या आसपासचा. टकलाची चांदी दिसते, मधल्या रिळात आगगाडीच्या टपावरून पडतो. पडतोस. हात वर येतो, बोट कललेलं. मी काझीसाहेबांना तसं कळवलं. त्यांचं उत्तर आलं, दहा वर्षं झाली की, त्यानंतरचं काय?

मी लिहिलं, त्यानंतरचे सिनेमे अजून यायचे आहेत, थांबा.

थांबा हा शब्द लिहायला सोपा आहे. तो तिकडे जाऊन बसतो, ते घर मी इतक्या वर्षांत बघितलेलं नाही.

खैरुद्दीन


दुबई
१८ जून १९६६

जमाल,

या महिन्यात रुपया पडला. हिंदुस्थान सरकारला त्याच्या जागी पडायला कोणी माणूस मिळाला नाही, म्हणून स्वतःच पडला. इथला रुपया त्याला बांधलेला, तोही आपटला. बाजारात सगळे डोक्याला हात लावून बसले आहेत. गनीशेठ म्हणतात, "खलास. खैरू, आता रियालमध्ये हिशेब, यल्ला." बिलं पुन्हा लिहितोय.

हे सांगून झालं. आता मुद्द्याचं.

त्यानंतरचे सिनेमे आले. एक गेल्या हिवाळ्यात, एक मागच्या आठवड्यात. पहिल्यात प्रुइट पट्टेवाल्यासारखा कोणीतरी आहे, दुसऱ्या रिळात जिन्यावरून गडगडत येतो. दुसऱ्यात घोड्यावरून. पोट सुटलंय त्याचं. पडणाऱ्यालाही सुटलंय, किंवा उशी बांधली असेल. आणि हात नुसता बाजूला पडतो. पंजा उघडा, पाच बोटं पसरलेली.

प्रेक्षक नाराज झाले. "हारूनने कलमा नहीं पढा." मी माइकवर सांगितलं, पढा, मनातल्या मनात पढा. बलुची बसले खाली. मीही बसलो.

अन्वरला तो तुकडा मी चार वेळा चालवायला लावला. अन्वर कमी बोलतो. चौथ्या वेळेला म्हणाला, "खैरूभाय, यह दूसरा आदमी है. इसका कंधा देखो." मी म्हटलं, तुला खांद्यातलं काय कळतं. रिळाची पेटी बंद करून तो निघून गेला.

काझीसाहेबांना मी काय कळवलं ते ऐक. लिहिलं की प्रिंट खराब आहे, हात नीट दिसत नाही. प्रिंट खराब होतीच, सगळ्या असतात. कारणं मीच मला देत होतो. पाठ दुखत असेल त्याची. वयाने दुसरं काम दिलं असेल. आता तोच दुसऱ्या पोरांना पडायला शिकवत असेल. लग्न केलं असेल, बायकोने पडायचं बंद केलं असेल. असं काय काय जुळवलं. मला सवय आहे.

वलीने लग्न केलं. बुरोंडीकडची मुलगी, झुबेदा. चार वर्षं थांबला होता, त्याला कोणी बोल लावला नाही. जुलेखाने त्याच्या लग्नात भाकऱ्या केल्या. हे मला तिने लिहिलं नाही, दुसऱ्यांकडून कळलं. तिने लिहिलं ते फक्त एवढं:

"दादा, इतकी वर्षं तुम्ही त्यांना पडताना बघता. उठताना कधी बघितलंत का?"

हे वाचून मी पेढीवर गेलो, बिलं लिहिली, संध्याकाळी माइकवर बोललो. काय बोललो ते आठवत नाही. लोक हसत होते.

उठताना बघितलं नाही, जमाल. एकदाही नाही. तू दगडांवर आपटतोस, बोट वर येतं, आणि सिनेमावाले तिथेच कापतात. पुढच्या तुकड्यात हीरो आणि त्याची बाई असतात. तुला हात देऊन कोणी उठवलं असेल, कपडे झटकले असतील, शाब्बास म्हटलं असेल, असं मी आपलं धरून चाललो होतो.

खैरुद्दीन


दुबई
१८ जानेवारी १९७०

जमाल,

या पत्रावर पत्ता घालत नाही.

इथे टेलिव्हिजन आलं. कुवेतच्या लोकांनी चालू केलंय. गनीशेठनी मजलिसमध्ये, म्हणजे बैठकीच्या खोलीत, एक घेतलं आणि आपल्याच सिनेमाचं दिवाळं काढायला रोज त्याच्यासमोर बसतात. माइक बंद झाला. टेलिव्हिजनवर अमेरिकन लोक आधीच अरबीत बोलतात, तिथे माझी काही गरज नाही. आता पूर्ण वेळ बिलं लिहितो. आवाज चांगला राहिलाय, म्हणून रमजानमध्ये अजान द्यायला मला एकदा उभं केलं होतं. तेही म्हणाले, थोडं कमी नाटक करा.

ईदच्या आदल्या आठवड्यात इफ्तारनंतर तिथे बसलो होतो. घोड्यांची एक मालिका लागली. आणि त्यात तो. प्रुइट. साठीचा झालाय. अस्खलित अरबी बोलतो. एक डोळा अजून अर्धा मिटतो. दारूच्या गुत्त्याचा म्हातारा मालक, नाव सुरुवातीला नाही, शेवटी बारीक अक्षरांत. तो कपाटाआडून पैसे काढायला जातो, कोणीतरी गोळी घालतं, आणि तो खुर्चीत बसल्या बसल्या डोकं टेबलावर ठेवतो. पहिल्या पाच मिनिटांत. हात टेबलावर, बोटं पसरलेली. पडावं लागलंच नाही. त्याच्या जागी माणूस ठेवायला आता कोणी पैसे देत नाही.

मजलिसमधला एक जुना बलुची म्हणाला, "बिचारा हारून. कलमा भूल गया."

गनीशेठ त्याला म्हणाले, "अरे, वह कलमा इसका था ही नहीं." आणि माझ्याकडे बघितलं. पडणारा माणूस बदलला हेही त्यांना माहीत होतं, इतकी वर्षं. अन्वरने सांगितलं असणार.

मी घरी आलो. जुलेखाची जुनी पत्रं काढायची गरज पडली नाही. एक नवीनच आलं होतं. लिहिते, "दादा, आता कोणाशी निकाह लावायचा म्हणून विचारत नाही. ते दिवस गेले. मला इद्दत बसायची आहे. चार महिने दहा दिवस, पांढरं नेसून, दार लावून. शेजारणी येतील, रडतील, जेवण आणतील. नवरा मेलेल्या बाईला एवढं मिळतं. मला वीस वर्षं काहीच मिळालं नाही, ना नवरा, ना त्याचं मरण. तेवढं मरण तरी द्या."

जमाल, मी ते दिलं.

वजू करून बसलो आणि काझीसाहेबांना लिहिलं. जुळवलेलं काही घातलं नाही, म्हणून कागद लहान झाला. मी माझ्या भावाला शेवटचं पडताना पाहिलं तो सिनेमा चोपन्नच्या सुमाराचा. उठताना पाहिलं नाही. त्यानंतर त्याच्या जागी दुसरा माणूस पडला. प्रिंट खराब होती असं मी आधी कळवलं होतं, ते खोटं. माझ्या भावाचं बोट मला ओळखता येतं. आमच्या घरचा माणूस मुलूख विसरेल, बायको विसरेल, पण उंचावरून खाली येताना कलमा विसरणार नाही. तेव्हा तो हयात नाही, असं मी हलफेवर, शपथ घेऊन, सांगतो. गनीशेठ आणि अन्वर साक्षीला होते, गनीशेठनी सही केली. अन्वरने अंगठा दिला, आणि पुसून झाल्यावर म्हणाला, "कंधा भी लिखो ना." मी खांदाही लिहिला.

तू जिवंत असशील, तर तुझ्या भावाने तुला मारलं आहे, पूर्ण शुद्धीत, किब्ल्याकडे तोंड करून. तसं असेल तर ये आणि भांड. माझी काही हरकत नाही. मी दार उघडेन, तू मला शिव्या घाल, मी तुझा हात बघेन. जिवंत असलास तरी जुलेखाला तुझा उपयोग नव्हता, आणि मेला असलास तरी माझ्याशिवाय कोणी सांगणार नव्हतं. दोन्ही बाजूंनी शेवट एकच येतो. मला तो यायला सात वर्षं लागली, आणि त्यातली चार वली थांबला होता.

जुम्याला बाणकोटच्या मशिदीत काझीसाहेबांनी कागद वाचला आणि गैरहजर मय्यतीची नमाज पढवली. इथेही मी इमामांना विनंती केली. नमाजेच्या आधी बलुची विचारायला लागले, कोणाची? मी म्हटलं, हारूनच्या जागी पडायचा त्याची. ते एकेक करून सफमध्ये, नमाजेच्या रांगेत, येऊन उभे राहिले. पुष्कळ होते. पूर्वी हाऊसफुल्ल व्हायचं तेवढे. मी कोणालाही काही समजावून सांगितलं नाही.

जुलेखा इद्दतीला बसली आहे. आपल्या अम्माची, मैमुनाबीची, सून म्हणून सगळा मोहल्ला येऊन गेला म्हणतात.

वली तांडेल या खेपेलाही आला होता. केस पिकलेत. मचवा दुसऱ्या दिवशी सुटायचा होता. मी त्याच्याकडे चौसष्ट रियाल दिले, म्हणजे आपले एकशे एक रुपये. तुझ्या निकाहात ठरलेली मेहर. तेव्हा 'मागाहून देऊ' म्हणून आपण ती ठेवली होती, बाबांनी आणि मी. माणूस गेला की घरच्यांनी दुसरं काही करण्याआधी बायकोची मेहर द्यायची असते.

वलीने नोटा न मोजता रुमालात बांधल्या आणि रुमाल कमरेला खोचला. मी म्हटलं, "तिच्या दारात जाऊ नकोस, इद्दत आहे."

"ठाऊक आहे," तो म्हणाला. "झुबेदा देऊन येईल."

धक्क्यावर भरतीचं पाणी लागत होतं. तो मचव्यावर चढायला वळला आणि परत थांबला.

"कोणाकडून म्हणून सांगू?"

"जमालकडून म्हण," मी म्हटलं.